धान्याचे पोते आणि पाऱ्याचे विष

धान्याचा व्यापार हा विश्वासाचा व्यापार होय. गिऱ्हाईक नमुना तळहातावर घेते, दाणा दाताखाली फोडून पाहते, रंग, ओल, माती व कीड यांची पारख करते, आणि मगच पोते उचलते. परंतु जे डोळ्यांस दिसत नाही, नाकास कळत नाही आणि जिभेसही जाणवत नाही, त्याची पारख त्याने कशी करावी? तेथे त्याला एकच आधार उरतो, आणि तो म्हणजे विकणाऱ्याचा शब्द. आपल्या स्मरणिकेत दरवर्षी बाजारपेठ, कर, वाहतूक व कायदेकानू यांविषयी माहितीपूर्ण लेख येत असतात आणि ते येणे योग्यच आहे. प्रस्तुत लेखात मात्र पारा हा विषय घेतला आहे. पारा आणि धान्य यांचा संबंध आपल्या व्यवसायबंधूंस वाटतो त्याहून पुष्कळ जवळचा आहे, आणि त्या संबंधाने माणसे मेलेलीही आहेत.

प्रथम आपल्या दुकानाच्या फळीवरूनच सुरुवात करू. वर्षाचे धान्य भरून ठेवण्याच्या दिवसांत पुष्कळ ठिकाणी पाऱ्याच्या गोळ्या किंवा टिकड्या विकल्या जातात. पारा राखेत अथवा मातीत घोटून, वळून त्या बनवितात. गव्हाच्या किंवा डाळीच्या डब्यात त्या टाकल्या की टोके व पोरकिडे लागत नाहीत, असा अनुभव घरोघरच्या गृहिणी सांगतात. हा अनुभव खोटा नाही. गोळीतून हळूहळू निघणारी पाऱ्याची वाफ किडीच्या अंड्यांस मारते. परंतु जी वाफ अंड्यातील जीवास मारते, ती डब्याचे झाकण उघडताच कोठे जाते, हा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही.

पाऱ्याची तीन रूपे

पारा हा धातू असूनही नेहमीच्या हवामानात पातळ असतो. पाण्याच्या १३.६ पट तो जड असतो, आणि उघडा राहिला तर त्याची अदृश्य व गंधहीन वाफ होत राहते. हवा जितकी उष्ण, तितकी वाफ अधिक. २० अंश उष्णतेच्या बंद खोलीत पारा उघडा पडून हवा त्याच्या वाफेने भरून गेली, तर एका घनमीटर हवेत सुमारे १४ मिलिग्रॅम पारा मावतो. जागतिक आरोग्य संघटनेने वर्षाच्या सरासरीने सुचविलेली मर्यादा एका घनमीटरास एक मिलिग्रॅमचा हजारावा भाग इतकी अल्प आहे. एवढ्यावरून या वाफेचे सामर्थ्य ध्यानी यावे.

आपल्या वडीलधाऱ्यांस या गोळ्यांचा धोका का दिसला नाही, याचेही कारण आहे. धातुरूप पारा चुकून गिळला गेला तर तो आतड्यांतून जवळजवळ शोषला जात नाही व तसाच बाहेर पडतो. त्यामुळे पोरगे गोळी गिळूनही खेळत राहिले, अशी उदाहरणे लोकांच्या आठवणीत राहिली. परंतु वाफेची गोष्ट वेगळी आहे. श्वासाबरोबर आत गेलेल्या वाफेपैकी सुमारे ८० टक्के फुप्फुसांतून रक्तात शिरते आणि तेथून मेंदू व मूत्रपिंडे यांत पोहोचते. हात कापणे, झोप नाहीशी होणे, स्वभाव चिडचिडा व भित्रा होणे, हिरड्या सुजणे ही तिची लक्षणे होत. ती सावकाश दिसू लागतात व दुसऱ्याच कारणास चिकटविली जातात. गोळी धान्याबरोबर गिरणीत दळली गेली, तर दळणाच्या उष्णतेने वाफ अधिकच होणार आणि उरलेला पारा पिठात मिसळणार, हे सांगावयास शास्त्रज्ञाची गरज नाही.

धातुरूप पारा हे पहिले रूप. दुसरे रूप पाऱ्याच्या क्षारांचे. तिसरे आणि सर्वांत घातक रूप म्हणजे मिथिल पारा. नदी, तळे व खाडी यांच्या तळच्या गाळातील सूक्ष्म जंतू साध्या पाऱ्याचे रूपांतर मिथिल पाऱ्यात करतात, ही गोष्ट स्वीडनमधील संशोधकांनी १९६९ साली दाखवून दिली. हा मिथिल पारा अन्नातून जवळजवळ सगळाच शोषला जातो, मेंदूत शिरतो आणि गर्भवती मातेच्या वारेतून बाळापर्यंत जातो. शरीरातील त्याचा निम्मा भाग बाहेर पडावयास सुमारे दोन महिने लागतात. पाण्यातील बारीक जीव मोठ्या जीवाने खावे व त्यास त्याहून मोठ्याने खावे, या क्रमात तो पायरीपायरीने साठत जातो.

जगातील बहुतेक लोकांस हा मिथिल पारा माशांतून मिळतो. आपण शाकाहारी असल्याने त्या वाटेने आपणांस भय नाही, आणि याबद्दल समाधान मानावयास हरकत नाही. परंतु तेवढ्यावर निश्चिंत राहता येत नाही. चीनच्या ग्वेइझोउ प्रांतात वानशान येथे पाऱ्याच्या जुन्या खाणी आहेत. त्या परिसरातील पाणथळ शेतांत पिकणाऱ्या भातात मिथिल पारा साठतो, आणि तेथील लोकांस तो माशांपेक्षा तांदळातूनच अधिक मिळतो, असे अलीकडच्या काळात सिद्ध झाले आहे. म्हणजे धान्यही या विषाचे वाहन होऊ शकते. त्याचे सर्वांत भयंकर उदाहरण इराकचे आहे.

इराकमधील रंगीत गहू

गव्हाच्या काणीसारखे बुरशीचे रोग बियाण्याबरोबर पसरतात. ते टाळण्यासाठी बियाण्यास औषध लावण्याची रीत जुनी आहे. विसाव्या शतकात या कामी पारदयुक्त औषधे फार वापरली गेली. ती स्वस्त होती आणि गुणकारीही होती. पेरलेल्या दाण्यावरील विष जमिनीत जाते व पिकात फारसे उतरत नाही, म्हणून निर्धास्तपणे ती खपत असत. दाणा पेरण्याऐवजी कोणी दळला तर काय होईल, याचा विचार मागे पडला. इराकमध्ये १९५६ आणि १९६० साली असे बियाणे खाऊन लोकांस विषबाधा झाली होती. तो धडा मिळूनही पुढचे संकट टळले नाही.

हरितक्रांतीच्या प्रारंभी, १९६६ साली, आपल्या देशाने मेक्सिकोतून १८,००० टन गव्हाचे बियाणे आणले होते. लर्मा रोहो आणि सोनोरा ही नावे जुन्या आडत्यांच्या तोंडी आजही ऐकू येतात. अशाच बुटक्या, भरघोस उत्पन्न देणाऱ्या मेक्सिकन गव्हाचे बियाणे दुष्काळाने गांजलेल्या इराकने पाच वर्षांनी मागविले. १९७१ च्या सप्टेंबरपासून बसरा बंदरात सुमारे ७३,००० टन गहू व २२,००० टन जव उतरला आणि तेथून तो देशभर वाटला गेला. हे सर्व बियाणे पारदयुक्त औषध लावलेले होते. पुढे तपासलेल्या गव्हात किलोमागे सरासरी सुमारे ८ मिलिग्रॅम पारा आढळला.

पोत्यांवर सूचना नव्हती असे नाही. सूचना होती, परंतु ती स्पॅनिश व इंग्रजी भाषांत होती. कवटी व हाडे यांचे चित्रही होते, परंतु त्या खुणेचा अर्थ इराकी खेडुतास ठाऊक नव्हता. हे बियाणे खाण्याचे नाही हे कळावे म्हणून दाण्यांस तांबूस रंग दिलेला होता. बायकांनी दाणे धुतले, रंग पाण्याबरोबर वाहून गेला, आणि रंग गेला त्याअर्थी विषही गेले अशी समजूत झाली. पारा मात्र दाण्यातच राहिला. कित्येक ठिकाणी पेरणीचा हंगाम उलटल्यावर बियाणे पोहोचले. घरात दुष्काळ आणि अंगणात गव्हाची पोती, अशा वेळी कोणीही गृहिणी जे करील तेच त्यांनी केले. त्यांनी गहू दळून भाकरी भाजली.

शहाण्या माणसांनी परीक्षाही केली. प्रथम दाणे कोंबड्यांस व गुरांस घातले आणि काही दिवस वाट पाहिली. काहीच झाले नाही. परंतु या विषाचा स्वभावच असा की, भाकरी खाण्यास प्रारंभ केल्यापासून लक्षणे दिसेपर्यंत १६ ते ३८ दिवस जातात. तोपर्यंत सारे घर ती भाकरी खात राहते. २१ डिसेंबर १९७१ रोजी किरकुकच्या रुग्णालयात पहिला रोगी दाखल झाला. नंतर रोग्यांची रीघ लागली. प्रथम हातापायांस व ओठांभोवती मुंग्या येत, मग तोल जाई, बोलणे अडखळे, दृष्टी चोहोंकडून आकसत जाई आणि कित्येकांस अंधत्व येई. बगदादचे डॉक्टर फरहान बकीर व त्यांचे सहकारी यांनी १९७३ साली प्रसिद्ध केलेल्या वृत्तांतात ६,५३० रोगी रुग्णालयांत दाखल झाल्याची आणि त्यांपैकी ४५९ मृत्यू पावल्याची नोंद आहे. रुग्णालयापर्यंत जे पोहोचलेच नाहीत, ते या आकड्यात नाहीत. ज्या मातांस स्वतःस थोडाच त्रास झाला, त्यांच्या पोटची बाळेही मेंदूने अधू अशी जन्मास आली.

या प्रकरणात पोत्यावर खोटे लिहिले नव्हते आणि माल चोरीचा किंवा भेसळीचाही नव्हता. विषाची वार्ता पोत्यावर छापलेली असूनही खाणाऱ्यापर्यंत पोहोचली नाही, एवढेच घडले. ज्या भाषेत घेणाऱ्यास वाचता येत नाही, त्या भाषेतील सूचना ही सूचना नव्हे. आपल्या सीमाभागात एकाच बाजारात मराठी, कानडी, हिंदी व उर्दू बोलणारी गिऱ्हाइके येतात. तेथे तर हे वाक्य प्रत्येक पेढीवर लिहून ठेवावे अशा योग्यतेचे आहे.

झाडण आणि पाखरे

असाच आणखी एक प्रसंग अमेरिकेतील न्यू मेक्सिको राज्यात अलामोगोर्डो येथे १९६९ साली घडला. बियाण्याच्या वखारीतील झाडण एका गरीब माणसाने फुकट मिळते म्हणून नेली आणि जनावरांस चारली. त्या जनावराचे मांस घरात खाल्ले गेले. तीन मुले कायमची अधू झाली आणि आईच्या पोटातील बाळासही ते भोवले. मांसाहाराचा प्रश्न क्षणभर बाजूस ठेवला तरी झाडण ही वस्तू आपल्या ओळखीची आहे. ती कोण नेतो आणि पुढे तिचे काय होते, याची चौकशी आपण सहसा करीत नाही.

स्वीडनमध्ये विषाची वार्ता पाखरांनी दिली. शेतात पेरलेले पारदयुक्त दाणे टिपून पाखरे मरू लागली, आणि त्या पाखरांवर जगणारे ससाणेही मरू लागले. तेथील संशोधकांनी संग्रहालयांतील जुन्या पक्ष्यांची पिसे तपासली, तेव्हा १९४० नंतरच्या पिसांत पाऱ्याचे प्रमाण एकाएकी वाढलेले आढळले. १९६६ साली स्वीडनने बियाण्यासाठी हे औषध बंद केले. जीवदयेच्या भावनेने आपण पाखरांस दाणे घालतो. औषध लावलेले, उरलेले बियाणे त्या दाण्यांत गेले, तर त्या पुण्यकर्माचे काय होते, हे वेगळे सांगावयास नको.

मिनामाताचे मौन

इराकमध्ये वार्ता वाचता आली नाही. जपानमध्ये ती दडपली गेली. क्युशू बेटावरील मिनामाता या गावी चिस्सो कंपनीचा कारखाना होता. तेथे १९३२ पासून ॲसिटाल्डिहाइड नावाचे रसायन पाऱ्याच्या साहाय्याने बनवीत आणि सांडपाणी खाडीत सोडीत. काही वर्षांनी कोळ्यांच्या घरांतील मांजरे झिंगल्यासारखी नाचून मरू लागली. मग माणसांची पाळी आली. १ मे १९५६ रोजी कारखान्याच्याच रुग्णालयाचे प्रमुख डॉक्टर होसोकावा यांनी या अज्ञात रोगाची वर्दी सरकारी खात्यास दिली. १९५९ साली त्यांनी कारखान्याचे सांडपाणी मिसळलेले अन्न एका मांजरास घालून पाहिले, तेव्हा त्या मांजरास तोच रोग झाला. कंपनीने ही गोष्ट बाहेर येऊ दिली नाही. सांडपाणी १९६८ पर्यंत वाहतच राहिले. १९७३ साली न्यायालयाने कंपनीस दोषी ठरविले. सरकारने रोगी म्हणून मान्य केलेल्यांची संख्या २,२०० हून अधिक झाली आणि त्यांतील बहुतेक आता हयात नाहीत.

त्याच गावाचे नाव पाऱ्याविषयीच्या आंतरराष्ट्रीय करारास देण्यात आले. हा करार २०१३ साली स्वीकारला गेला व १६ ऑगस्ट २०१७ पासून अमलात आला. आपल्या देशाने २०१४ साली त्यावर सही केली आणि २०१८ साली तो कायम केला. त्याच वर्षी केंद्र सरकारने बेणे व बियाणे यांच्या प्रक्रियेत वापरले जाणारे शेवटचे प्रमुख पारदयुक्त औषधही बंद केले. उसाची बेणे व बटाटे त्यात बुडवून लावण्याचा प्रघात होता. बंदी झाली म्हणजे शेतघराच्या माळ्यावरील जुने डबे नाहीसे झाले असे नव्हे. शिवाय आज बियाण्यास लावतात ती औषधे वेगळी असली तरी तीही खाण्याची नव्हेत.

आपल्या देशातील उदाहरण तामिळनाडूतील कोडाईकनालचे आहे. अमेरिकेतून हलविलेला थर्मामीटरचा कारखाना १९८० नंतरच्या दशकात तेथे सुरू झाला. पुढे तो हिंदुस्तान लिव्हर कंपनीकडे आला. २००१ साली गावातील एका भंगाराच्या दुकानी कारखान्यातील पारा लागलेल्या फुटक्या काचा सापडल्या आणि लोकक्षोभानंतर कारखाना बंद झाला. कामगारांचे आजार कामामुळे झाले हे कंपनीने मान्य केले नाही. तथापि २०१६ साली ५९१ माजी कामगारांशी तिने आर्थिक समझोता केला. भंगारवाल्याने काच म्हणून माल घेतला होता. त्या काचेबरोबर काय आले हे त्यास कोणी सांगितले नव्हते.

आपल्या सभासदांपैकी जे सराफीत आहेत, त्यांचाही या विषयाशी संबंध आहे. संयुक्त राष्ट्रांच्या अंदाजाप्रमाणे २०१५ साली मानवी उद्योगांतून सुमारे २,२२० टन पारा हवेत गेला. त्यांतील सुमारे ३८ टक्के छोट्या सोन्याच्या खाणींतून गेला. तेथे गरीब लोक मातीतील सोन्याचे कण पाऱ्यात धरतात व तो पारा उघड्यावर जाळतात. दगडी कोळशाच्या ज्वलनाचा वाटा सुमारे २१ टक्के होता. तथापि या मोठ्या गोष्टी आपल्या एकट्याच्या हातात नाहीत. ज्या आपल्या हातात आहेत, त्यांचाच विचार येथे करू.

आपणांस काय करता येईल

आपल्या शास्त्रांत श्रावकासाठी वर्ज्य ठरविलेल्या पंधरा कर्मादानांत विषवाणिज्याची गणना केलेली आहे. त्यात विष उघडपणे विकणे येते हे सर्वांस मान्य आहे. परंतु विष धान्याच्या डब्यात टाकण्यासाठी गोळीच्या रूपाने विकणे त्यात येत नाही, असे म्हणावयास आधार कोणता? नफा म्हणावा तर तोही चिल्लर आहे. गिऱ्हाईक मागते म्हणून ठेवतो, एवढेच उत्तर आपल्यापाशी आहे. तेव्हा पहिली विनंती अशी की, पाऱ्याच्या गोळ्या सभासदांनी आपल्या दुकानी ठेवू नयेत आणि गिऱ्हाइकाने मागितल्यास का ठेवीत नाही हे त्यास समजावून सांगावे. कडक ऊन दाखवून थंड केलेले धान्य, कडुनिंबाचा वाळलेला पाला, बिब्बे, डाळींस व गव्हास हलक्या हाताने चोळलेले एरंडेल आणि घट्ट झाकणाचा कोरडा डबा ही साधने आपल्या घरांत पिढ्यान्‌पिढ्या आहेत. त्यांत कीड मारण्यापेक्षा ती होऊ न देण्याकडे लक्ष असते, आणि हेच आपल्या धर्मास अधिक जवळचे आहे.

दुसरी विनंती गोदामाविषयी. औषध लावलेले बियाणे आणि खाण्याचे धान्य एका छपराखाली, एका थप्पीजवळ किंवा एका तराजूवर येऊ देऊ नये. बियाण्याचे रिकामे बारदान धान्यासाठी कदापि वापरू नये. ते धुऊन शुद्ध होते ही समजूत इराकमध्ये किती महाग पडली, हे वर आलेच आहे. बियाण्याच्या जागेची झाडण कोणास देऊ नये. हंगाम उलटून उरलेले बियाणे, भाव पडला म्हणून, रंग धुऊन किंवा इतर मालात मिसळून बाजारात आणणे हे तर पापच होय. आणि बियाणे विकताना ते खाण्याचे नाही हे गिऱ्हाइकाच्या भाषेत, तोंडाने, स्पष्ट सांगावे. हमाल व तोलार यांसही सांगावे, कारण फाटक्या पोत्यातील सांडलेले दाणे पदरात घेऊन जाणारी माणसे तीच असतात.

तिसरी विनंती घरातील भगिनींस. डब्यांत जुन्या पाऱ्याच्या गोळ्या असतील तर त्या निवडून घट्ट बुचाच्या बाटलीत बंद कराव्यात. चुलीत किंवा मोरीत टाकू नयेत. जुना थर्मामीटर फुटल्यास मुलांस खोलीबाहेर न्यावे, खिडक्या उघडाव्यात, हातातील सोन्याचे दागिने उतरवावेत, आणि पाऱ्याचे कण जाड कागदाने गोळा करून बाटलीत बंद करावेत. केरसुणी किंवा झाडण्याचे यंत्र वापरू नये, कारण त्याने कण अधिक बारीक होऊन खोलीभर पसरतात. चेहरा उजळ करणारी, घटकद्रव्ये न छापलेली मलमे घेऊ नयेत. तशा मलमांत पारा पुष्कळदा आढळला आहे.

या गोष्टींस मोठा खर्च नाही व सरकारी परवान्याचीही गरज नाही. मात्र एकट्या दुकानदाराने गोळ्या ठेवणे बंद केले तर गिऱ्हाईक शेजारच्या दुकानी जाते, ही अडचण खरी आहे, आणि म्हणूनच संघटना असते. येत्या वार्षिक सभेत गोळ्या न विकण्याचा आणि बियाण्याचे बारदान व झाडण वेगळी ठेवण्याचा ठराव एकमुखाने संमत व्हावा, त्याची प्रत मराठीत व कानडीत छापून प्रत्येक सभासदाच्या पेढीवर लावावी, आणि हमाल बांधवांस ती वाचून दाखवावी, एवढी सूचना व्यवसायबंधूंपुढे नम्रपणे ठेवीत आहे. ठराव कोणी मांडावा असा प्रश्न आल्यास, प्रस्तुत लेखक तो मांडण्यास सिद्ध आहे.